बांगड्या फोडायचा सीन

रहिमतपूरच्या बाजारात एका भाजीवालीनं मला मेथी विकायला चक्क नकार दिला. मी जुडी उचलली, तर तिनं ती माझ्या हातातून परत ओढून घेतली आणि शेजारणीला म्हणाली, "हीच ती! सुनेला दुधातनं इख घातलं न्हवं का हिनं. मोबाइलवर दावलंय." मी म्हटलं, "अगं बाई, मला सूनच न्हाई. एक लेक हाय, ती पुण्यात नोकरी करती." तर म्हणते, "मग कुणाच्या सुनेला घातलंस?" बोला आता! माझ्यासोबत माझी थोरली नणंद होती. रहिमतपूर हे त्यांचं सासर. वन्संनी मला दंडाला धरून बाजाराबाहेर काढलं आणि म्हणाल्या, "मेथीबी गेली आन् इज्जतबी गेली." मला मात्र आतून गुदगुल्या होत होत्या. त्या बाईला माझं काम खरं वाटलं होतं. एवढं मोठं बक्षीस मला तोवर कुणी दिलं नव्हतं.

तर सांगायचं म्हणजे, मी नटी आहे. हसायचं काम नाही. मोठ्या पडद्यावरची नाही, टीव्हीवरच्या मालिकांतलीही नाही. मोबाइलवर बघायचे ते स्वस्तातले पिक्चर असतात ना, भुताखेतांचे, खुनाचे आणि भानगडींचे, त्यांतली. नावात 'वासना' नाहीतर 'अमावस्या' असल्याशिवाय हे पिक्चर निघतच नाहीत. पोस्टरवर एक अर्धी भिजलेली बाई आणि तिच्यामागं रक्त गळणारा कोयता. आमच्या सातारा-सांगलीकडं असली शूटिंगं सारखी चालू असतात, कुणाच्या फार्महाउसवर, बंद पडलेल्या पोल्ट्रीत, गुळाच्या जुन्या गोदामात. चांगल्या घरची माणसं असलं काही बघत नाहीत. म्हणजे बघत नाही असं म्हणतात, आणि मग सगळी स्टोरी तोंडपाठ सांगतात.

मी मूळची ब्लाउज शिवणारी. आम्ही मलकापूरला राहतो, कराडला अगदी खेटून. मालक फौजेतून हवालदार म्हणून रिटायर झालेले, थोडा ऊस आहे, आणि पुढच्या खोलीत माझं शिलाई मशीन. एकदा एका युनिटला हडळीचा ब्लाउज उसवून मोठा करून पाहिजे होता. हडळ खात्यापित्या घरची निघाली होती. मी सुईदोरा घेऊन त्यांच्या पोल्ट्रीत गेले. तिथं प्रेत म्हणून झोपवलेल्या बाईच्या कानात मुंगी शिरली आणि प्रेत जे बोंबलत उठलं ते थेट एसटी स्टँडवर गेलं. दिग्दर्शकानं इकडंतिकडं बघितलं आणि मला म्हणाला, "काकू, जरा झोपता का?" मी झोपले. डोळे उघडे ठेवून, पापणी न हलवता. सुईत दोरा ओवताना श्वास रोखायची सवय असते आम्हाला, ती कामाला आली.

तेव्हापासून मी मरतेच आहे. विहिरीत मेले, पंख्याला मेले, उसात मेले. मरत नसेन तेव्हा हडळ असते, कुंटीण असते, करणी करणारी म्हातारी असते, नाहीतर ती इख घालणारी सासू. पहिल्या दिवसापासून माझी एकच अट, पदर खांद्यावरून खाली येणार नाही. एकानं लाडीगोडी लावून बघितली, "काकू, पब्लिकला पाहिजे असतंय." म्हटलं, "पब्लिकला एवढी हौस असली तर तू काढ की तुझा शर्ट." त्यानं परत बोलावलं नाही. माझं काही अडलं नाही.

मालकांनी कधी आडकाठी केली नाही. उलट गोळी लागलेला माणूस कसा पडतो, ते त्यांनीच मला अंगणात पडून दाखवलं. "हात वर करून गरगर कुणी फिरत न्हाई. गुडघ्यातनं खाली बसतंय माणूस, पोतं बसल्यागत," म्हणाले. शेजारचे बघत होते. त्यांना वाटलं, आमचं भांडण झालं आणि मी नवऱ्याला आडवा केला.

पण एक खंत होती, आणि ती आता स्पष्ट बोलते. ती इख घालणारी सासू सोडली तर एवढ्या वर्षांत माझं तोंड कुणी धड बघितलंच नव्हतं. कधी राख, कधी केसांचा टोप, कधी लाल रंगाचा लगदा. नाटकबिटक मी शिकले नाही, पण रडायला आणि गप्प बसायला काय शाळा लागते? मला येतं ते, हे मला आतून ठाऊक होतं. दाखवायला कुणी जागा देत नव्हतं, एवढंच.

दोन वर्षांमागं ती जागा मिळाली. सांगलीचा एक दिग्दर्शक, आधी लग्नाची शूटिंगं करायचा, आता असले पिक्चर करतो. तो म्हणाला, "काकू, या वेळी मेकअप नाही. तुमचंच तोंड. नवऱ्याचा खून होतो, भावकीतल्या बायका तुमच्या बांगड्या फोडतात, कुंकू पुसतात. सगळा पिक्चर या सीनवर उभा आहे." पुढं मी कोयता घेऊन सगळ्यांचा निकाल लावणार होते, ते ओघानं आलंच. पण मला कोयत्याचं काय घेणंदेणं? मी त्या सीनवर जीव टाकला. तिथल्या तिथं हो म्हणून बसले.

आणि त्याच आठवड्यात भुईमुगाच्या शेंगा फोडता फोडता मालकांनी छातीवर हात ठेवला. मिरजेला नेलं. ब्लॉकेज निघालं, स्टेंट टाकला, जीव वाचला. ते दिवस मी कसे काढले ते माझं मला माहीत. त्यांना घरी आणलं आणि मदतीला रहिमतपूरहून वन्सं आल्या.

वन्संबद्दल सांगायला पाहिजे. मालकांच्या या थोरल्या बहिणीचा नवरा उसाच्या ट्रॉलीखाली गेला, तेव्हा त्या जेमतेम विशीत होत्या. मूलबाळ नाही. माहेरी परत या म्हणून सगळ्यांनी सांगितलं, तर म्हणाल्या, "माझी जमीन टाकून कशाला येऊ?" दिराशी भांडून वाटणी घेतली आणि स्वतः पाणी धरून आल्याचं पीक काढलं. असली वाघीण बाई, पण संक्रांतीला आमच्याकडं हळदीकुंकू असलं की आत चुलीशी जाऊन बसणार. कुंकवाचा करंडा वाटेत आला तर पदरानं धरून बाजूला ठेवतील, बोट लावणार नाहीत. मी कितीदा ओढलं बाहेर. "नगं बाय, तुमच्या सवाष्णींत माझी सावली कशाला," म्हणायच्या. माझा संताप संताप व्हायचा, पण त्यांच्यापुढं तोंड चालायचं नाही.

शूटिंगची गोष्ट त्यांना कळली ती फोनमुळं. दिग्दर्शकाला मोठ्यानं बोलायची सवय, आणि माझ्या फोनचा आवाज सगळ्या घराला. "काकू, बांगड्या फोडायचा सीन आपण सोमवारी घेऊ," असं तो बोलला आणि वन्संच्या हातातली लाटी परातीत पडली.

"कुणाच्या बांगड्या?"

"माझ्या. म्हंजे, पिक्चरमधल्या."

"नवरा अंथरुणात हाय तुझा."

"म्हणून तर सांगितलं न्हवतं तुमाला. ह्ये आजारी पडायच्या आधीच हो म्हणून बसले हुते."

मग जो काही दंगा झाला! "तू नुसतं हो म्हणलीस तर माझ्या भावाचं काळीज बंद पडाय लागलं. करशील तवा काय हुईल? तुला मेल्याचं सोंग कर म्हणलं, केलंस. हडळ झालीस, झालीस. पण जित्या नवऱ्याच्या बांगड्या फोडायच्या? कुठं फेडशील?" मी म्हटलं, "आवं वन्सं, नाटक असतंय ते." तर म्हणाल्या, "बांगडी खरीच फुटती न्हवं?"

बांगडी खरीच फुटते. आणि खोटं कशाला बोलू, भीती मलाही वाटत होती. मालक झोपले की मी त्यांच्या छातीकडं बघत बसायची, वरखाली होतेय ना म्हणून. आमच्या धंद्यात याला तोडगे आहेत. मेल्याचा शॉट झाला की उठून कॅमेऱ्याकडं बघून हसायचं, म्हणजे मरण जागच्या जागी राहतं. विधवेचं काम करणारी सवाष्ण असेल तर मंगळसूत्र कमरेला खोचायचं, जोडवी काढायची नाहीत, फोडायच्या बांगड्या प्रॉडक्शनच्या. आणि शॉट संपला रे संपला की युनिटमधल्या एखाद्या सवाष्णीनं धावत येऊन कुंकू लावायचं आणि हिरवा चुडा भरायचा. एवढं सगळं असतं, कारण भीती सगळ्यांनाच असते. पण म्हणून मी सीन सोडायचा? माझ्या हातून काही झालं तर ते माझ्या बांगड्यांनी झालं, आणि भुईमूग, तेलकट भजी, फौजेतली बिडी, यांनी काही झालंच नाही? मी ठरवलं, करायचाच. आज भ्याले तर उद्या हडळ करायलाही भिईन.

मालक पडल्या पडल्या ऐकत होते. म्हणाले, "आक्का, मी गोळीनं न्हाई मेलो, हिच्या बांगडीनं मरतोय व्हय?"

वन्सं त्या दिवशी जेवल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी चुलीपुढं बसून त्यांनी निकाल दिला. "जा. पर माझी अट हाय. बांगड्या फुटताना त्यो तुज्यासमोर पायजे. जिता, बसलेला, डोळं उघडं असलेला. म्हंजे वर बसलाय त्येलाबी दिसंल, नवरा हाय म्हणून." मी थक्क झाले. डॉक्टरांनी मालकांना घरातल्या घरात फिरायला सांगितलं होतं, आणि ही बाई त्यांना सांगलीला न्यायला निघाली, देवाला पुरावा दाखवायला! पण मालक लगेच उठून टोपी शोधायला लागले. कंटाळले होते ते घरात. मिरजेच्या डॉक्टरांना फोन केला. ते म्हणाले, गाडीनं जा, दगदग नको.

सांगलीच्या बाहेर कृष्णेकाठी गुळाचं एक जुनं गोदाम होतं, तिथं सेट लावला होता. अजून गुळाचा वास येत होता आणि माश्याही. दिग्दर्शकानं आमची वरात बघितली. मी, मफलर गुंडाळलेले मालक, आणि एका हातात केळी नि दुसऱ्यात औषधांची पिशवी घेतलेल्या वन्सं. त्याचं तोंड बघण्यासारखं झालं. "काकू, हे कोण?" म्हटलं, "ह्ये माझे मालक. खुनानंतर हितं खुर्चीत बसणार." मॉनिटरच्या शेजारी प्लॅस्टिकची खुर्ची टाकली. मयत नवरा पलीकडं चादरीखाली झोपला होता आणि जिवंत नवरा अलीकडं केळं सोलत होता.

सीन सुरू झाला. भावकीतल्या बायका म्हणून जवळच्या गावातल्या चौघी आणल्या होत्या. दिग्दर्शकानं त्यांना सांगितलं होतं, छाती पिटा, किंचाळा, हिला ओढा. मला म्हणाला, "केस सोडा, आडव्या पडा, पदर..." म्हटलं, "पदराचं बोलायचं न्हाई." पहिल्या टेकला एकीला हसू फुटलं. दुसऱ्या वेळी सगळं झालं, डोळ्यात ग्लिसरीन, घशातून आरोळी, पण माझं मलाच कळत होतं, हे खोटं आहे. एवढं भांडून आले, आजारी माणसाला घेऊन आले, आणि करतेय काय, तर दर पिक्चरमध्ये असतो तसला तमाशा. माझ्या रडण्याची मला लाज वाटली.

तेवढ्यात मागून वन्संचा आवाज आला. "बंद करा! असं न्हाई करत."

कॅमेरावाला थांबला. सगळे वळले. वन्सं उभ्या राहिल्या होत्या, हातात केळ्याची सालं तशीच.

"कुणी रडत न्हवतं," त्या म्हणाल्या. दिग्दर्शकाला नाही, माझ्याकडं बघून. "रडून झालं हुतं समद्यांचं. घाई हुती. बायांस्नी परत जाऊन भाकरी टाकायच्या हुत्या, लोकं उपाशी बसलेली. सासूनं माझा हात हातात घेतला. बांगड्या भरताना कासार धरतंय का न्हाई, तसाच धरला. मऊ. आन् मी मूठ आवळली."

"मग?" मी विचारलं.

"मग ती म्हणली, सोड पोरी, काच घुसंल हातात. लागंल तुला." वन्सं थांबल्या. "माया हुती तिची. म्हणून सोडली मी. आरडाओरडा केला असता, वढलं असतं, तर न्हवती सोडणार."

माझ्या लग्नाला एवढी वर्षं झाली, त्यांच्या तोंडून हे कधी ऐकलं नव्हतं. मालकांनीही नसावं. ते खुर्चीत मान खाली घालून बसले होते. दिग्दर्शक हळूच म्हणाला, "मावशी, सासूचं काम करता?" वन्सं म्हणाल्या, "तोंड बघ तुझं." आणि परत जाऊन बसल्या.

आम्ही तसंच केलं. चौघींना गप्प उभं केलं. त्यांतल्या वयस्कर बाईनं माझा हात हातात घेतला. मी मूठ आवळली. समोर मालक दिसत होते, जिवंत, डोळे उघडे, पण मी त्यांच्याकडं बघितलं नाही. मी वन्संकडं बघत होते. ती बाई एक एक बोट सोडवत म्हणाली, "सोड पोरी, लागंल." मी मूठ सोडली. बांगड्या दगडावर फुटल्या. ग्लिसरीन लागलं नाही.

'कट' झालं आणि आमची केस विंचरणारी पोरगी रीतीप्रमाणं धावत आली, एका हातात करंडा, दुसऱ्यात हिरव्या बांगड्या. तिनं कुंकवात बोट बुडवलं, आणि मी मान मागं घेतली.

"वन्सं," मी हाक मारली, "तुमी लावा."

त्यांना आधी समजलंच नाही. समजलं तेव्हा त्या दोन पावलं मागं सरकल्या. "याड लागलं का तुला? माझ्या हातानं? दवाखान्यातनं कालपरवा आलाय त्यो!"

"तुमच्याच हातानं. दुसऱ्या कुणाच्या न्हाई. न्हाईतर अशीच उघड्या कपाळानं कराडपर्यंत येती."

"आगं लावून घे त्या पोरीकडनं! ऐक माझं. आक्रीत करू नगंस."

"न्हाई."

बोलून बसले होते आणि समोर नवरा होता, छातीत तार घातलेला. पण आता माघार घेतली असती तर ज्या बाईच्या जिवावर मी तो सीन केला, तिलाच मी अपशकुनी म्हटल्यासारखं झालं असतं. ते माझ्याच्यानं होणार नव्हतं. जे व्हायचं ते होवो.

शेवटी मालक बोलले. "आक्का, लाव. माझं काळीज हाय, मी सांगतो. लाव."

वन्सं आल्या. करंडा घेताना निम्मं कुंकू माझ्या नाकावर आणि साडीवर सांडलं. बोट माझ्या कपाळाजवळ आलं, थांबलं, परत आलं. लागलं एकदाचं. वाकडंच लागलं. मग त्यांनी माझा हात हातात घेतला आणि बांगड्या भरल्या. एकही फुटली नाही. माझे डोळे भरून आले, आणि त्यांचेही.

घरी आल्यावर त्यांनी रहिमतपूरला जायचं नाव काढलं नाही. मालकांना खोकला आला की स्वयंपाकघरातून धावत यायच्या. नाडी बघता येत नव्हती तरी मनगट धरून बसायच्या. मी काही म्हणायची नाही, कारण मीही तेच करत होते, फक्त त्यांची पाठ वळली की. मालक आमच्या दोघींना वैतागले. "एकीनं डावा हात धरा, एकीनं उजवा, आन् मला जेवायला तिसरा आणा," म्हणाले.

महिन्यानं मिरजेला तपासणी होती. वन्सं हट्टानं बरोबर आल्या. आत गेल्या नाहीत, बाहेर बाकावर पदर तोंडाशी धरून बसल्या. डॉक्टरांनी छाती तपासली, कागद बघितले आणि म्हणाले, उत्तम आहे सगळं, आता रोज चालायला लागा. मी बाहेर येऊन वन्संना सांगितलं. त्यांनी माझ्याकडं बघितलं, मालकांकडं बघितलं, परत माझ्याकडं बघितलं. "नीट तपासलं का त्येनी?" म्हणाल्या. मालक म्हणाले, "व्हय आक्का, नीट तपासलं."

मिरज स्टँडवर आम्ही कराडची गाडी बघत उभे होतो. वन्संनी पिशवी या हातातून त्या हातात घेतली आणि माझ्याकडं न बघता म्हणाल्या, "पुढलं शूटिंग कवा हाय तुझं?"

"का वो वन्सं? आता काय?"

"का म्हंजे? कुंकवाला कोण येणार मग? ती केसवाली पोरगी?"